शहराला कंटाळलेल्यांनो, तुम्ही नेमके कुठे निघालात?

शुक्रवारची संध्याकाळ झाली की मोबाईलवर एकच रडगाणे सुरू होते. 'सगळे सोडून डोंगरात जाऊन राहावेसे वाटते.' कुणी स्पितीच्या खोऱ्याचा फोटो टाकतो, कुणी लेहच्या रस्त्यावर उभी केलेली मोटारसायकल, कुणी आइसलँडचा धबधबा. खाली चार ओळी असतात. लोकलची गर्दी, ट्रॅफिक, घराचे हप्ते, साहेबाचे रात्री अकराला येणारे मेल आणि यातून सुटका म्हणून दूर कुठेतरी एक लाकडी घर, जिथे आपल्याला कुणी ओळखत नाही. शेकडो लोक त्यावर बदाम टाकतात. सोमवारी सकाळी तेच लोक पुन्हा त्याच लोकलला लटकतात.

हे स्वप्न इतके सार्वत्रिक झाले आहे की ते नेमके कुणाचे आहे, हे कुणी विचारत नाही. ते सगळ्यांचेच आहे असे गृहीत धरले जाते. कादंबऱ्या, सिनेमे, जाहिराती, पर्यटन कंपन्यांची माहितीपत्रके सगळीकडे एकच कथा आहे. शहर म्हणजे बंधन, दूरचा प्रवास म्हणजे मुक्ती. मी गेली काही वर्षे शहरातल्या वस्त्यांमध्ये काम करते आणि ही कथा ऐकताना दर वेळी वाटते की या कथेतून आपली माणसे बेपत्ता आहेत. किंवा आहेत ती फक्त ओझी उचलायला.

प्रवासाला माझा विरोध नाही, दूरच्या देशाची स्वप्ने पाहण्याला तर मुळीच नाही. माझा विरोध आहे तो या स्वप्नाच्या निरागसपणाला. शहरातून पळून जाण्याची इच्छा जात, वर्ग आणि लिंग यांच्या पलीकडची आहे, या समजुतीला.

तुम्ही जिथून पळता, तिथे आम्ही पळून आलो

सुरुवात शहरापासूनच करू. ज्या शहराला तुम्ही तुरुंग म्हणता ते आमच्या आजा-पणजांचे 'दूर कुठेतरी' होते. त्यांचे स्वप्न डोंगरात जायचे नव्हते, डोंगरातून आणि गावकुसाबाहेरून निसटायचे होते. गावात वतनाच्या नावाखाली महारकी होती. सरकारी माणूस आला की त्याच्यापुढे धावायचे, मेलेले जनावर ओढायचे, सांगावे पोहोचवायचे आणि बदल्यात दारोदार भाकरी मागायची. १८७४ च्या वतन कायद्याने या वेठबिगारीला कायद्याचे कवच दिले होते. बाबासाहेबांनी १९२८ पासून मुंबई विधिमंडळात त्याविरुद्ध झुंज दिली, तरी कनिष्ठ गावकामगार वतने नष्ट करणारा कायदा यायला १९५८ साल उजाडावे लागले. बाबासाहेब तेव्हा हयात नव्हते.

त्या काळात ज्यांना पळता आले ते शहरात पळाले. मुंबईच्या गिरण्या, गोदी, रेल्वे, नगरपालिकेचे सफाई खाते, नागपूरची एम्प्रेस मिल. परळच्या बीआयटी चाळी, वरळी-नायगावच्या बीडीडी चाळी, माटुंग्याचा लेबर कॅम्प, पुढे घाटकोपरचे रमाबाई नगर. एका खोलीत दहा-बारा माणसे, सामाईक नळ, सामाईक संडास. आजच्या भाषेत ज्याला 'क्वालिटी ऑफ लाइफ' म्हणतात तसे काहीही नाही. तरीही लोक आले आणि परत गेले नाहीत.

शहरात जात नव्हती असे मी म्हणत नाही. गिरणीत विणकाम खात्यात आपल्या माणसाला घेत नसत, कारण कांडी बदलताना धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे आणि सवर्ण कामगाराला तो उष्टा धोटा चालत नसे. जास्त पगाराचे काम त्या एका धाग्यामुळे आपल्याला बंद होते. १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे मांडला होता. आजही भाड्याचे घर शोधताना दलालाचा पहिला प्रश्न बजेटचा असतो आणि दुसरा आडनावाचा. शहर जातमुक्त नाही. पण शहरात एक गोष्ट होती जी गावात नव्हती. ती म्हणजे अनोळखी गर्दी.

ज्या लोकलच्या गर्दीला तुम्ही शिव्या घालता, त्या गर्दीने आमच्यासाठी काय केले याचा विचार करा. खांद्याला खांदा घासतो, घामाला घाम लागतो, चौथ्या सीटवर अर्धे बूड टेकवताना कुणी जात विचारत नाही. विटाळ मानायचा तर गाडी सोडावी लागेल, आणि गाडी सोडली तर हजेरी चुकेल. ज्या देशात सावलीचा विटाळ धरला जात होता, तिथे ही गर्दी म्हणजे रोज सकाळी आठ वाजता होणारी क्रांतीच म्हणायला हवी. तिला 'गुदमरणे' म्हणण्याचा हक्क तुम्हाला आहे. पण तिच्यात पहिल्यांदा मोकळा श्वास घेणारेही होते, एवढे लक्षात असू द्या.

४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत मसुदा मांडताना बाबासाहेबांनी गावाविषयी जे परखड मत दिले ते सगळ्यांना माहीत आहे. गावाला राज्यघटनेचा पाया मानण्याचा आग्रह त्यांनी नाकारला. गाव म्हणजे संकुचितपणा, अज्ञान आणि जातीयता यांचे डबके आहे, अशा आशयाचे ते बोलले. त्यावर सभागृहात अनेक जण दुखावले गेले. आज पर्यटनाच्या माहितीपत्रकातून त्याच गावाचे पुन्हा देवघर उभे केले जात आहे, तर आपण गप्प का बसावे?

माहितीपत्रकातल्या गावात बौद्धवाडा कुठे असतो?

'अस्सल गावरान अनुभव. चुलीवरचे जेवण, शेणाने सारवलेले अंगण, विहिरीचे थंड पाणी.' सह्याद्रीच्या पायथ्याशी आता अशा होम-स्टेंचे पीक आले आहे. कर्जत, मुळशी, भंडारदरा, कोकण, कुठेही जा. जॉन उरी नावाच्या समाजशास्त्रज्ञाने १९९० मध्ये पर्यटकाच्या नजरेविषयी एक पुस्तक लिहिले. त्याचे साधे सूत्र असे की पर्यटकाची नजर त्याच्या रोजच्या जगण्याच्या विरुद्ध जे असेल ते शोधते. रोज काँक्रीट दिसते म्हणून सुट्टीत माती हवी. रोज घाई म्हणून सुट्टीत संथपणा हवा. ही नजर गावाकडे बघते तेव्हा तिला गाव दिसतच नाही, तिला फक्त 'शहर नसलेले' काहीतरी दिसते.

म्हणून त्या फोटोत बौद्धवाडा नसतो. मातंगवाडा नसतो, पारध्यांची पालं नसतात, कातकऱ्यांची वाडी असलीच तर 'आदिवासी नृत्य' म्हणून शेकोटीपुरती असते. विहीर असते, पण त्या विहिरीवर कोण पाणी भरू शकत होते हे नसते. खैरलांजीही एक हिरवेगार गाव आहे. खर्ड्याला किल्लाही आहे. २००६ आणि २०१४ साली त्या गावांत काय झाले ते आठवणाऱ्या माणसाला 'गावाकडची निर्मळ माणसे' हा शब्दप्रयोग सहज उच्चारता येत नाही.

रायगडला जाणाऱ्या शनिवार-रविवारच्या मोटारी महाडवरून जातात. २० मार्च १९२७ रोजी ज्या चवदार तळ्याच्या पाण्याने या देशाला माणुसकीचा पहिला धडा दिला, ते तळे त्याच महाडात आहे. किती गाड्या तिकडे वळतात? वडापाव खायला थांबतात, तळ्यापाशी थांबत नाहीत.

आमच्या एका कार्यकर्तीने मागच्या वर्षी मैत्रिणींबरोबर राहायला म्हणून एका होम-स्टेला फोन केला. माणसे किती, जेवण व्हेज की नॉनव्हेज, असे सगळे झाल्यावर मालक अत्यंत गोड आवाजात म्हणाला, "तसं काही नाही ताई, पण घरातच स्वयंपाक असतो, आई देवाधर्माचं बघते. तुमचं पूर्ण नाव काय म्हणालात?" पूर्ण नाव सांगितल्यावर कळले की त्या तारखांना खोल्या भरल्या आहेत. 'जिथे मला कुणी ओळखत नाही अशा ठिकाणी जायचे आहे' हे स्वप्न कुणाला परवडते ते यावरून समजावे. आपल्याला न ओळखणारा माणूसही या देशात पहिल्या पाच मिनिटांत आपल्याला ओळखून घेतो.

व्हिसाची वाट पाहणारा प्रवासी

भारतातल्या प्रवासवर्णनांची यादी करायला सांगितली तर साहित्याचे प्राध्यापक बरीच नावे सांगतील. त्या यादीत बाबासाहेबांचे 'वेटिंग फॉर अ व्हिसा' नसते. मी म्हणते, प्रवास म्हणजे काय हे समजून घ्यायचे असेल तर ती छोटी पुस्तिका आधी वाचा. शीर्षकातच व्हिसा आहे. त्यातले बहुतेक प्रसंग रस्त्यावर, स्टेशनात, मुक्कामाच्या घरात, गाडीत घडतात.

१९०१ सालची उन्हाळ्याची सुट्टी. नऊ-दहा वर्षांचा भीमराव, त्याचा भाऊ आणि बहिणीची मुले साताऱ्याहून कोरेगावला वडिलांकडे निघतात. पहिलाच आगगाडीचा प्रवास. त्यासाठी नवे सदरे, जरीच्या टोप्या, नवे बूट, रेशीमकाठी धोतरे घेतलेली. दूरच्या प्रवासाचे स्वप्न याहून निर्मळ काय असते? मसूर स्टेशनावर उतरल्यावर न्यायला कुणी येत नाही. चांगल्या कपड्यातली मुले पाहून स्टेशनमास्तर आपुलकीने चौकशी करतो आणि 'महार' हा शब्द ऐकताच त्याचा चेहरा बदलतो. बैलगाडीवाले दुप्पट भाडे देऊनही न्यायला तयार होत नाहीत. शेवटी एक जण तयार होतो, अट अशी की गाडी मुलांनीच हाकायची आणि तो बाजूने चालणार. डबा भरलेला असतो, पण रात्रभर पाणी मिळत नाही म्हणून जेवता येत नाही.

१९१७ मध्ये तेच भीमराव अमेरिका आणि इंग्लंडमध्ये शिकून बडोद्याला नोकरीसाठी जातात. परदेशातल्या वर्षांत ते आपले अस्पृश्यपण विसरून गेले होते, असे त्यांनी स्वतः नोंदवले आहे. बडोद्याच्या स्टेशनावर उतरताच पहिला प्रश्न उभा राहतो, राहायचे कुठे? पारशी धर्मशाळेत नाव बदलून राहावे लागते आणि अकराव्या दिवशी काठ्या घेतलेला जमाव दारात येतो. त्या दिवशी मुंबईची गाडी येईपर्यंतचे तास त्यांनी एका सार्वजनिक बागेत काढले. न्यूयॉर्क आणि लंडन पाहून आलेल्या माणसाला स्वतःच्या देशात बसायला बागेतली जागा तेवढी मिळाली.

१९२९ मध्ये चाळीसगावला टांगेवाल्यांनी त्यांना बसवायला नकार दिला. लोकांनी कसाबसा टांगा मिळवला, तो हाकणारा नवखा होता, पुलावर अपघात झाला आणि बाबासाहेबांचा पाय मोडला. आणि १९३४ चा प्रसंग तर चक्क सहलीचा आहे. चळवळीतल्या तीसेक सहकाऱ्यांना घेऊन ते वेरूळ बघायला निघाले होते. वाटेत दौलताबादचा किल्ला. प्रवासाच्या धुळीने माखलेल्या माणसांनी दाराजवळच्या हौदावर हातपाय धुतले आणि त्यावरून मारामारीची वेळ आली. शेवटी किल्ला पाहायला मिळाला तो हत्यारबंद शिपाई सोबत घेऊन, आत कुठे पाण्याला हात लागू नये म्हणून.

हे प्रसंग सांगण्याचे कारण रडणे नव्हे. आपल्या समाजात प्रवासाचे स्वप्न नव्हते हा जो आरोप होतो तो किती खोटा आहे ते दिसावे म्हणून सांगते. जरीची टोपी घालून आगगाडीत बसलेल्या मुलाला स्वप्न नव्हते? वेरूळला निघालेल्या कार्यकर्त्यांना कलेची ओढ नव्हती? ओढ होती. पाणी नव्हते.

आणि आजही व्हिसाची वाट संपलेली नाही. केंद्राच्या राष्ट्रीय परदेश शिष्यवृत्तीच्या नियमांत २०२२ मध्ये बदल झाला. भारतीय संस्कृती, वारसा, इतिहास आणि भारतावरील सामाजिक अभ्यास या विषयांसाठी ही शिष्यवृत्ती बंद करण्यात आली. म्हणजे आपल्या मुलांनी कोलंबिया किंवा लंडनला जरूर जावे, पण तिथे जाऊन जातीचा अभ्यास करू नये. बाबासाहेबांनी १९१६ मध्ये कोलंबियात वाचलेला जातींविषयीचा निबंध आज या नियमात बसला नसता. दूरच्या देशाचे स्वप्न एका वर्गासाठी मन रमवायचे साधन असते, आपल्यासाठी ते ज्ञानाचे आणि बंडाचे साधन आहे. म्हणूनच त्यावर पहारा बसतो.

सुट्टी आभाळातून पडली नाही

पळून जायला आधी सुट्टी लागते. ही सुट्टी आली कुठून?

महात्मा फुल्यांचे सत्यशोधक सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या लढ्यामुळे १० जून १८९० पासून गिरणी कामगारांना रविवारची सुट्टी मिळाली. त्याआधी मालक ती द्यायला तयार नव्हते. बाबासाहेब १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री होते. कारखाना कामगारांना भरपगारी वार्षिक रजा देणारी दुरुस्ती १९४५ ची आहे आणि आठवड्याचे कामाचे तास ५४ वरून ४८ वर आणणारी दुरुस्ती १९४६ ची. या दोन्हींची विधेयके त्यांच्या खात्याकडून आली. आज लॅपटॉप मिटवून 'लाँग वीकेंड'ला निघणाऱ्याला हा इतिहास ठाऊक नसतो. फावला वेळ हा आपल्या कर्तबगारीचा मोबदला आहे असे त्याला वाटते. खरे तर एका सत्यशोधकाने आणि एका बौद्धाने त्याला तो मिळवून दिला आहे.

आता प्रश्न असा की, ज्यांच्या पुढाऱ्यांनी सुट्टी मिळवून दिली त्यांच्या वाट्याला ती किती आली? मी ज्या वस्तीत काम करते तिथल्या बहुसंख्य बाया घरकाम करतात, पुरुष सफाईच्या कंत्राटावर आहेत. एक दिवस गेले नाही की एक दिवसाचे पैसे कापले. मुंबईच्या २,७०० कंत्राटी कचरा-वाहतूक कामगारांना कायम करण्यासाठी वर्षानुवर्षे न्यायालयात लढावे लागले, २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. कायम होणे म्हणजे काय, तर पगारी रजा, आजारपणाची रजा, दिवाळीचा बोनस. या माणसांना कधी शहराचा कंटाळा येत नसेल? येतो ना. गटाराच्या वासाचा, मुकादमाच्या शिव्यांचा, साचलेल्या पाण्याचा येतो. पण त्यांच्या कंटाळ्यावर कविता होत नाही आणि त्यांना कुणी 'बर्नआउट' झाला असेही म्हणत नाही. त्यांना 'कामचुकार' म्हणतात.

पळून जाणाऱ्याचा आराम कुणाच्या अंगावर उभा असतो हे पाहायचे असेल तर माथेरानला जा. मुंबईजवळचे थंड हवेचे ठिकाण, मोटारींना बंदी, शुद्ध हवा. आणि त्या शुद्ध हवेत लाल मातीच्या चढावरून माणूस माणसाला हातरिक्षात बसवून ओढत होता. पिढ्यान्‌पिढ्या. ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या खंडपीठाने ही प्रथा माणसाच्या प्रतिष्ठेविरुद्ध असल्याचे सांगून सहा महिन्यांत बंद करण्याचा आणि त्या रिक्षावाल्यांना ई-रिक्षा देण्याचा आदेश दिला. स्वातंत्र्याची ७८ वर्षे झाली होती. त्या ७८ वर्षांत त्या रिक्षात बसून किती लाख लोक 'शहरातून सुटका' अनुभवून गेले असतील? त्यांच्यातल्या कितीजणांना पुढे धापा टाकणारी पाठ दिसली?

बुद्ध चालतो, बौद्ध चालत नाही

या पळून जाण्याच्या फॅशनमधला सर्वांत संतापजनक भाग म्हणजे बुद्ध. लडाखहून परतणाऱ्या प्रत्येक मोटारसायकलच्या हँडलला पाच रंगांच्या पताका बांधलेल्या असतात. दिवाणखान्यात बुद्धाचे शिर असते, स्पाच्या दारात ध्यानस्थ बुद्ध असतो. विपश्यनेचे दहा दिवस करून आलेला माणूस दोन महिने शांततेवर प्रवचन देतो. त्याच माणसाच्या सोसायटीत सदनिका भाड्याने द्यायची वेळ आली की भिंतीवर बुद्धाचा फोटो लावणारे, म्हणजे शेजारी बाबासाहेबांचा फोटो लावणारे भाडेकरू चालत नाहीत.

यांना बुद्ध हवा तो डोंगरातला, बर्फातला, गप्प बसलेला. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात लाखो माणसांसह शहराच्या मध्यभागी आलेला बुद्ध यांना नको, कारण तो प्रश्न विचारतो. लडाखच्या पताका हव्यात, पण लडाखचे लोक सहाव्या अनुसूचीसाठी आंदोलन करतात तेव्हा हे मोटारसायकलस्वार कुठे असतात? बोधगयेला जाऊन बोधिवृक्षाखाली फोटो काढायचा आहे, पण १९४९ च्या कायद्याने महाबोधी महाविहाराच्या व्यवस्थापनात बौद्धांना आजही पूर्ण हक्क नाही, हे ऐकायचे नाही.

याउलट आपल्या माणसाचा प्रवास पाहा. ६ डिसेंबरला विदर्भ-मराठवाड्यातून लाखो लोक जनरल डब्यात उभ्याने रात्र काढत दादरला येतात. पाठीवर पिशवी, पिशवीत चटणी-भाकर, जाताना त्याच पिशवीत पुस्तके. याला कुणी 'बॅकपॅकिंग' म्हणत नाही. याला 'फुकटे आले' म्हणतात. एरवी पहाडात हिंडणाऱ्या परदेशी पाहुण्याच्या मळक्या कपड्यांत साधेपणा पाहणारी नजर चैत्यभूमीच्या रांगेत मात्र अस्वच्छता पाहते. हा भेद कपड्यांचा नाही.

आपल्यातल्या काहींना दोन शब्द

आता थोडे घरातले बोलू. चळवळीतले काही ज्येष्ठ या सगळ्याला एका शब्दात निकाली काढतात : चंगळवाद. शिकलेला मुलगा मनालीला गेला की 'समाजाला विसरला'. मुलीने एकटीने प्रवास करायचा विचार बोलून दाखवला तर विचारूच नका. दादा-काकांनो, तुमच्याविषयी पूर्ण आदर ठेवून सांगते, हे आंबेडकरवादात बसत नाही. बाबासाहेबांनी कोट घातला, ग्रंथ विकत घेतले, व्हायोलिन शिकले, जग पाहिले. जे जे नाकारले गेले ते ते मिळवणे हा त्यांचा मार्ग होता. दारिद्र्याला सद्गुण मानण्याचा मार्ग दुसऱ्या कुणाचा तरी होता, आणि बाबासाहेबांनी त्याला आयुष्यभर विरोध केला.

आमच्या वस्तीतल्या अभ्यासिकेच्या मुलींना दोन दिवस अजिंठा-वेरूळ बघायचे होते. मदत करणाऱ्या एका कंपनीच्या अधिकाऱ्याकडे प्रस्ताव दिला. तो म्हणाला, "मॅडम, ट्रीप ही गरज नाही. त्यापेक्षा शिवणकामाचा क्लास घ्या, आम्ही मशिन देतो." माणूस वाईट नव्हता. त्याच्या फोनवर पँगाँग सरोवराचा फोटो होता. त्याच्या लेखी सरोवर ही त्याची गरज आणि शिलाई मशिन ही आमची गरज. गरिबाने पोटापुरतेच स्वप्न पाहावे, हा मनुस्मृतीचा नियम आता असा सुसंस्कृत भाषेत बोलला जातो.

आम्ही गेलो. २०२३ पासून एसटीत महिलांना अर्धे तिकीट आहे, त्यामुळे जमले. सोमवारी अजिंठा बंद आणि मंगळवारी वेरूळ बंद, म्हणून शनिवार-रविवार धरला आणि घरकाम करणाऱ्या आयांनी मुलींच्या वाटची कामे उरकली. सव्वीस क्रमांकाच्या लेण्यात महापरिनिर्वाणाची ती विशाल मूर्ती आहे. तिच्यासमोर बराच वेळ उभी राहून एक नववीतली मुलगी म्हणाली, "ताई, हे एवढं मोठं आपलं आहे, तर मग शाळेवाले आपल्याला दर वर्षी वॉटर पार्कला का नेतात?" या प्रश्नाचे उत्तर शिवणकामाच्या वर्गात मिळाले नसते. तो प्रश्न पडायला घरापासून शेकडो किलोमीटर जावे लागले. प्रवास गरज आहे की नाही, याचा पुरावा मला तेवढा पुरेसा आहे.

म्हणून तरुण मित्रमैत्रिणींनो, तुम्ही स्पितीचे स्वप्न पाहा, आइसलँडचेही पाहा. लाज बाळगू नका. फक्त एक विचारत राहा, मी पळतो आहे की निघालो आहे?

पळणे आणि निघणे

सिद्धार्थाने घर का सोडले? म्हातारा, आजारी आणि प्रेत पाहून त्याला वैराग्य आले, अशी गोष्ट आपल्याला सांगितली जाते. 'बुद्ध आणि त्याचा धम्म' या ग्रंथात बाबासाहेबांनी ती नाकारली. एकोणतीस वर्षांच्या माणसाने तोवर म्हातारा किंवा प्रेत पाहिलेच नव्हते, हे बुद्धीला पटत नाही, असा त्यांचा सवाल आहे. त्यांनी सांगितलेले कारण वेगळे आहे. रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य आणि कोलीय यांच्यात भांडण पेटले. शाक्य संघाने युद्धाचा ठराव केला. सिद्धार्थाने विरोध केला, तो अल्पमतात गेला आणि युद्धात भाग घेण्यापेक्षा त्याने देशत्याग पत्करला.

म्हणजे पुन्हा पाणीच. आपल्या परंपरेतला सर्वांत मोठा प्रवास पाण्याच्या न्याय्य वाटपाच्या प्रश्नावरून सुरू होतो. तो माणूस रोजच्या जगण्याला कंटाळून जंगलात गेला नव्हता. आणि ज्ञान मिळाल्यावर तो जंगलात राहिलाही नाही. पुढची पंचेचाळीस वर्षे तो राजगृह, श्रावस्ती, वैशाली, कोसंबी अशा त्या काळच्या गजबजलेल्या नगरांमध्ये पायी फिरला, पावसाळ्यापुरता थांबला, पुन्हा चालू लागला. सुनीत सफाई करणारा होता, उपाली न्हावी होता, आम्रपाली गणिका होती. ही माणसे त्याला वाटेवर आणि गर्दीतच भेटली.

पळणारा माणूस जग आहे तसे ठेवून स्वतःपुरता बाजूला होतो. परत येतो तेव्हा लोकल तशीच असते, कंत्राटदार तसाच असतो, तोही तसाच असतो. मग पुढच्या शुक्रवारी पुन्हा तेच स्वप्न. त्या स्वप्नाने कुणाचेच काही बिघडत नाही, म्हणून तर ते दाखवायला कंपन्या इतका पैसा ओततात. डोंगराचे स्वप्न पाहणारा कर्मचारी कामाचे तास कमी करा म्हणून भांडत नाही.

आपल्याला भांडायचे आहे. प्रत्येक कंत्राटी सफाई कामगाराला आणि घरकामगार बाईला भरपगारी रजा हवी. समाजकल्याणच्या वसतिगृहातल्या प्रत्येक मुलामुलीला वर्षातून एक अभ्यास सहल सरकारी खर्चाने हवी आणि तिच्यात महाड, अजिंठा, दीक्षाभूमी हवीच. परदेश शिष्यवृत्तीवरची विषयबंदी उठायला हवी. होम-स्टेची नोंदणी करताना जात विचारून खोली नाकारणाऱ्याचा परवाना रद्द करण्याची अट हवी. संविधानाच्या १५ व्या कलमात दुकाने, उपाहारगृहे, हॉटेले, विहिरी, तलाव, रस्ते ही सगळी ठिकाणे कशासाठी नावानिशी लिहिली आहेत? ज्याने ती लिहिण्यात हात घातला त्याला मसूरचे स्टेशन, बडोद्याची धर्मशाळा आणि दौलताबादचा हौद पाठ होता म्हणून.

आणि हे शहर. ज्यांना ते सोडून जायचे असेल त्यांनी खुशाल जावे. आम्ही इथे मोठी किंमत मोजून आलो आहोत. इथली बाग, चौपाटी, फुटपाथ, रात्रीची शेवटची लोकल आमच्याही हक्काची आहे. आठवड्याच्या शेवटी जिथून पळून जावेसे वाटणार नाही असे शहर बनवणे, हा सगळ्यात लांबचा आणि अवघड प्रवास आहे. त्याला निघणारे सोबती हवे आहेत.

जय भीम!